सोलापुरात बसून विनोदी आणि माहितीपट, दोन्ही?

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणारी मुलगी सोलापूरच्या पूर्व भागातली, वय चोवीस. लग्नाच्या व्हिडिओंचं एडिटिंग करते, घरी तेलुगू बोलतात, आई विड्या वळते. सोलापुरी बोलीतले तिचे विनोदी रील्स बऱ्यापैकी चालतात. आता तिला आईच्या आणि गल्लीतल्या बायकांच्या कामावर माहितीपट करायचाय. ओळखीचे सगळे सांगतात की एक काहीतरी धर, विनोदी तरी नाहीतर गंभीर तरी. तिनं विचारलंय की दोन्ही करणाऱ्याला कुणी किंमत देतं का, पुण्या-मुंबईला गेल्याशिवाय जमतं का, निर्माता व्हायला पैसेवालाच असावं लागतं का, आणि सगळ्यात शेवटी, कॅमेरा कुठला घेऊ.

वयानं मोठा आहे म्हणून तुला ‘तू’ म्हणतो. मी नव्वदच्या दशकात इथंच लग्नाच्या व्हीएचएस कॅसेटी शूट करत सुरुवात केली. मग मुंबईत टीव्हीच्या विनोदी मालिकांवर साहाय्यक होतो, पुढे दिग्दर्शक झालो. मधेमधे माहितीपट केले. गेली बारा-तेरा वर्षं परत सोलापुरात राहून दोन्ही करतोय, निर्माता म्हणून सहीही माझीच असते. श्रीमंत झालो नाही, पण घराचे हप्ते कधी थकले नाहीत. पुढचं सगळं त्या हिशेबानं वाच.

एकच धर म्हणणाऱ्यांचं मनावर घेऊ नकोस. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ दाखवला हे सगळ्यांना पाठ असतं. त्याआधी त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी चित्रित केली होती आणि ती छोटी फिल्म दाखवून भांडवलाची खटपट केली होती. पुढे सरस्वतीबाईंचे दागिने गहाण पडले, ती निर्मात्याची बाजू. पौराणिक चित्रपटांच्या सोबतीनं त्यांनी ‘पिठाचे पंजे’ नावाची छोटी विनोदी फिल्मही केली. म्हणजे धंद्याच्या पहिल्या दोन-तीन वर्षांतच एका माणसानं माहितीपट, विनोद आणि निर्मिती, तिन्ही करून टाकलं, आणि त्यांना कुणी विचारलं नाही की तुमची नक्की लाइन कुठली. जवळचं उदाहरण हवं असेल तर डॉ. जब्बार पटेल. पंढरपूरला जन्म, शाळा सोलापुरात. १९७२ मध्ये ‘घाशीराम कोतवाल’ बसवलं, ‘सामना’ आणि ‘सिंहासन’ केले, आणि कुमार गंधर्वांवर माहितीपटही केला.

मला स्वतःला मात्र दोन्ही कामं एकच आहेत हे कळायला लाईट जावी लागली.

पूर्व भागातल्या एका यंत्रमागाच्या शेडमध्ये शूटिंग होतं. चादरीचे माग, वर जेकार्ड. आतला आवाज तुला सांगायला नको. बाहेरच्या युनिटला आम्ही ‘आवाज असतो हं’ म्हणून आधी सांगतो, तरी ते उंबऱ्यावरच दचकून मागं सरतात. तिथं एक मामा होते, आयुष्य मागावर गेलेलं. मी त्यांच्या कानाशी ओरडून विचारलं, “किती वर्षं झाली?” त्यांनी छाती भरून श्वास घेतला, तोंड उघडलं, आणि लाईट गेली. माग जागच्या जागी थांबले. पण मामांचं उत्तर सुटलं होतं. त्या चिडीचूप शेडमध्ये ते जिवाच्या आकांतानं ओरडले, “बेचाळीस!” सगळे फुटलेच हसून. मामाही ओशाळून हसले, खांद्यावरच्या टॉवेलनं तोंड पुसलं. मग अगदी हळू, कुणाला सांगायचं म्हणून नाही असं, म्हणाले, “बंद पडलं की कान दुखतात बघा.”

माझ्या कॅमेरामननं लाईट गेली तसा कॅमेरा खाली घेतला होता. अंधारात काय टिपणार, त्याचंही बरोबरच. साऊंडवाला पोरगा नवखा होता. ‘कट’ ऐकू आलं नाही म्हणून त्याचा रेकॉर्डर चालू राहिला. चित्र नाही, आवाज आहे. शेवटी एडिटमध्ये थांबलेल्या मागाचा एक लांब शॉट लावला, धोटा मधेच अडकलेला, आणि त्यावर तो आवाज टाकला. त्या फिल्ममधलं लोकांना आज आठवतं ते तेवढंच अर्धं मिनिट. जिथं जिथं दाखवली तिथं ‘बेचाळीस’ला हशा येतो, आणि ‘कान दुखतात’ला तो हशा घशातच राहतो.

मी तोवर दोन डोक्यांनी काम करत होतो. मुंबईत विनोदी, सोलापुरात आलो की गंभीर. त्या दिवशी लक्षात आलं की दोन्हीकडे माझी चूक एकच होते. उत्तर मिळालं की मी ‘कट’ म्हणतो. विनोदी प्रसंगात पंच पडला की कट, मुलाखतीत माहिती मिळाली की कट. आणि माल दोन्हीकडे त्याच्या पुढच्या चार सेकंदांत असतो.

तू पाठवलेले रील्स पाहिले. तुझ्या आत्या रिक्षावाल्याशी अशोक चौक ते कन्ना चौक भाडं ठरवतात तो सगळ्यात चांगला आहे. मराठीत आकडा सांगायचा आणि तेलुगूत शिवी द्यायची, हे कागदावर बसून सुचत नाही. पण आत्या “जाऊलालाय का उभाच ऱ्हातो बे?” म्हणतात आणि तू लगेच पुढच्या शॉटवर उडी मारतेस. अगं, त्या रिक्षावाल्याच्या चेहऱ्यावर काय चाललं होतं! ते मला दहा फ्रेमही दिसलं नाही. आपल्याकडे सेकंदाला पंचवीस फ्रेम धरतात. मुंबईत एका जुन्या एडिटरनं मला शिकवलं की वाक्य बोलणाऱ्यावर संपवायचं नाही, ऐकणाऱ्यावर संपवायचं, आणि त्या चेहऱ्यावर मनाला वाटतं त्याच्यापेक्षा आठ फ्रेम जास्त बसायचं. बोट सरकू नये म्हणून रील्समध्ये श्वाससुद्धा कापायची सवय लागते. ती सवय घेऊन माहितीपटाला बसलीस तर आईची मुलाखत बातमीसारखी होईल. एक दिवस बसून हाच रील पुन्हा काप, फक्त थोडा सैल ठेव. कुठं टाकू नकोस, स्वतःपुरता बघ.

आता थोडं अप्रिय.

आपण बोलीवर हसवतो तेव्हा हसू नक्की कुणाचं होतं, हे मी फार उशिरा शिकलो. मुंबईत असताना एका वाहिनीसाठी विनोदी तुकडा केला. सोलापूरचा मागवाला शहरात येतो, त्याचं मराठी मोडकं, लिंग-वचन उलटंपालटं, ‘तो बाई आली’ असलं. वर रेकॉर्डवरचा हशा टाकलेला. चाललाही चांगला. सुट्टीला घरी आलो तर शेजारचे एक जॉबर, म्हणजे माग दुरुस्त करणारे, भेटले. म्हणाले, “बघितला तुमचा कार्यक्रम. मुलं लै हसली.” थोडं थांबले आणि म्हणाले, “आमचं मराठी एवढं वाईट हाय का हो?” मी काहीतरी सारवासारव केली. ते कुत्सितपणे बोलत नव्हते, खरंच विचारत होते, तेच जास्त लागलं.

नंतर तोच मसाला मी पुन्हा वापरला, पण उलटा. मागवाला बोलतो तसाच, एक अक्षर सुधारलं नाही. मात्र खोलीतला हुशार माणूस तो. त्याच्याशी गोड बोलून काम काढायला आलेला व्यापारी त्याच्यासारखं बोलायचा प्रयत्न करतो आणि प्रत्येक वाक्यात स्वतःच आपटतो. लोक तितकेच हसले, आणि पूर्व भागातले जास्त हसले. तमाशातली बतावणी किंवा नाथांचं भारूड बघ, तिथं अडाण्याचं सोंग घेतलेलाच शहाण्याला उघडा पाडतो. हे आपल्याकडे चारशे वर्षं चालत आलंय, आणि मी ते टीव्हीच्या नोकरीत विसरलो होतो. तुझी पंचाईत माझ्यापेक्षा कमी आहे, कारण तू आतली आहेस. तरी आत्यांना रील आधी दाखवतेस का? दाखवत जा.

माहितीपटात हीच चूक हसण्यावारी जात नाही. तुझा विषय विडीचाच आहे म्हणून हे सविस्तर सांगतो. काही वर्षांपूर्वी मी एका बाईंची मुलाखत घेतली. मांडीवर सूप, पत्र्याच्या मापानं पान कातरणं चाललंय, बोलताना हात एकदाही थांबत नाही. हजार विड्यांवर मजुरी असते हे तुला माहीतच आहे. त्या बोलता बोलता सांगून गेल्या की खराब म्हणून बाजूला काढलेल्या विड्यांचे पैसे मिळत नाहीत आणि विड्या मात्र परतही मिळत नाहीत. मला वाटलं, मिळाली फिल्म. चेहरा, घर, गल्लीचा कोपरा सगळं दिसत होतं. कागदावर त्यांची सही होती. मराठीतल्या कागदावर, ज्यांना मराठी वाचता येत नव्हतं त्यांची. शहरातच फिल्म दाखवली गेली, ज्यांनी बघायला नको त्यांनी बघितली, आणि त्या बाईंना दोन महिने माल मिळाला नाही. कुणी धमकी दिली नाही की काही नाही. नुसतं “आज पान संपलं, उद्या या.” उद्याही तेच.

मी काय केलं? आधी भरपाई म्हणून पैसे द्यायला गेलो. त्यांनी घेतले नाहीत. मग त्या ओळी काढून टाकल्या, नवी प्रत केली. तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं. तेव्हापासून संमतीचा कागद ज्या भाषेत माणूस विचार करतो त्या भाषेत मोठ्यानं वाचायचा, वाचून दाखवल्याचंही रेकॉर्डिंग ठेवायचं, आणि कच्चा एडिट त्यांच्या घरी, त्यांच्या माणसांसमोर दाखवायचा. “हे काढा” म्हणाले तर काढायचं. कागदाचा हक्क माझ्याकडे असला तरी काढायचं. काही माहितीपटवाल्यांना हे पटत नाही, ते म्हणतात अशानं फिल्मची धार जाते. बड्या माणसाला प्रश्न विचारत असशील तर त्याला कच्चा एडिट दाखवायची गरज नाही, तिथं माझंही मत तेच आहे. पण जिचं उद्याचं काम तुझ्या फ्रेमवर अवलंबून आहे तिच्या बाबतीत मी वाद घालत नाही. आणि तुझ्या फिल्ममध्ये ती बाई तुझी आईच असणार आहे.

याच फिल्ममध्ये विनोद कसा येईल असं तू विचारलं होतंस. तो आणावा लागत नाही. विड्या वळणाऱ्या चार बायका एका पडवीत बसल्या की काय बोलतात ते तू रोज ऐकतेस. बाहेरचा माहितीपटवाला आला की त्या गप्प होतात आणि दुःखाचं बोलायला लागतात, कारण त्यांना वाटतं याला तेच हवंय. तुझ्यासमोर त्या एकमेकींच्या सुनांची नक्कल करतील. फैझा अहमद खान यांचा मालेगावच्या हौशी सिनेमावाल्यांवरचा ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ नावाचा माहितीपट आहे, २००८ चा. मिळेल तिथून बघ. यंत्रमागाच्या गावातली माणसं स्वतःचा सुपरमॅन बनवतायत. बघताना हसून पोट दुखतं, पण एकदाही त्या माणसांना कमी लेखल्यासारखं वाटत नाही.

निर्मात्याचं. पैसेवाला असावं लागतं का, तर नाही. पण हिशेब आवडावा लागतो, किमान त्याची भीती जावी लागते. दिग्दर्शक म्हणून मला थांबायचं असतं. लाईट येईपर्यंत, आत्या रुसवा सोडेपर्यंत, पाऊस उघडेपर्यंत. ते थांबणं कुणीतरी विकत घ्यावं लागतं. मुंबईत तो दुसरा माणूस होता आणि तो म्हणायचा, संध्याकाळी सहाला पॅकअप. मी निर्माता झालो ते नाव मोठं करायला नाही, सहाचे आठ करता यावेत म्हणून.

आणि इथं सोलापूर तुला मदत करतं. पुण्याहून आलेलं युनिट लॉजचं भाडं, गाडी, जेवण धरून दोन दिवसांत शेंगदाण्याची चटणी बांधून परत जातं. तू स्कूटीवर चाळीस वेळा त्या पडवीत जाऊ शकतेस. माझ्या मागावरच्या फिल्मला दीड वर्ष लागलं, शूटिंगचे दिवस मात्र एकोणीसच. बाकी वेळ नुसतं जाणं-येणं आणि चहा. जानेवारीत सिद्धेश्वराची गड्ड्याची यात्रा, होम मैदानावरचे पाळणे, नंदीध्वजांची मिरवणूक हे वर्षातून एकदाच हाती लागतं. हुकलं तर बाहेरच्या माणसाला पुढच्या वर्षीचं बजेट मागावं लागतं, तू फक्त पुढच्या संक्रांतीची वाट बघायची.

पोट कशावर चालतं ते उघड सांगतो. टॉवेल निर्यात करणाऱ्यांच्या परदेशी ग्राहकांसाठीच्या फिल्म, शाळा-कॉलेजांचे महोत्सव, साखर कारखान्यांच्या फिल्म, संस्थांचे कामाचे अहवाल, आणि अलीकडे दुकानांच्या सोलापुरी बोलीतल्या जाहिराती. शेवटच्या कामात तू माझ्यापेक्षा पुढे आहेस. त्यातून महिन्याचं भागतं आणि उरेल त्यातून स्वतःचे दिवस विकत घ्यायचे. अर्धे पैसे आधी घेतल्याशिवाय कॅमेरा बाहेर काढायचा नाही. टीडीएस, म्हणजे बिलातून आधीच वजा होणारा कर, कापला जातो तो विसरू नकोस, विवरणपत्र भरल्यावर जास्तीचा परत मिळतो. वर्षाची उलाढाल वीस लाखांच्या आत आहे तोवर सेवेला जीएसटीची नोंदणी साधारणपणे लागत नाही, पण मोठी कंपनी तुला नंबर मागेल, तेव्हा सीएला विचार. एका गिऱ्हाईकानं मला उरलेल्या बिलाच्या बदल्यात चादरी दिल्या होत्या. घेतल्या. नातेवाइकांत आहेर म्हणून अजून पुरतायत.

कराराचा एक धडा मात्र चादरींवर भागला नाही. पहिल्या माहितीपटाचे हक्क मी एका वाहिनीला दिले. कागदावर होतं ‘कायमस्वरूपी, जगभर, सर्व माध्यमांत’. त्या आनंदात वाचलंच नाही. दोनदा दाखवला आणि कपाटात गेला. पुढे एका महोत्सवानं मागितला तेव्हा माझाच माहितीपट मला दाखवता येईना. आता नियम माहीत आहेत म्हणून सांगतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. पण कुणी मोबदला देऊन तुझ्याकडून फिल्म करून घेतली आणि करारात वेगळं लिहिलं नसेल, तर पहिला मालक करून घेणारा ठरतो. म्हणून टॉवेलवाल्याची फिल्म टॉवेलवाल्याची. स्वतःच्या फिल्मचे हक्क कुणाला देताना मुदत लिहिलेली नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणूनच समोरचा ‘कायमस्वरूपी, जगभर’ हे शब्द न विसरता घालतो. तू पेन घेऊन ते खोड आणि त्या जागी पाच वर्षं लिही. फार तर नाही म्हणतील. दोनदा खोडल्यावर हो म्हणालेले मी पाहिलेत. आणि न वापरलेलं फुटेज तुझं राहील ही ओळ वेगळी घाल. पंधरा वर्षांनी त्यालाच किंमत येते. मी शूट केलेल्या शेडपैकी दोन आज जमीनदोस्त आहेत.

पुण्या-मुंबईला जावं का? शिकायला जा, राहायला कशाला? करमाळ्याजवळच्या जेऊरचे नागराज मंजुळे ‘पिस्तुल्या’ या लघुपटातून पुढे आले, ‘सैराट’ही करमाळा तालुक्यात चित्रित झाला. इथली माती चालते हे आता कुणाला सिद्ध करून दाखवायला नको. पण तुला दोन गोष्टी सोलापुरात शिकवायला कुणी नाही, साऊंड आणि निर्मितीचं वेळापत्रक. त्यासाठी एखादं वर्ष, फार तर दोन, चालत्या युनिटमध्ये साहाय्यक म्हणून घाल. पुण्याची एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी संस्था तिच्या मोठ्या अभ्यासक्रमांखेरीज छोटेही चालवते, त्यावर लक्ष ठेव. विनोदी मालिकेच्या सेटवर सहा महिने काढलेस तरी दिवसाला किती पानं कशी उरकतात ते अंगात भिनेल. पुण्याला सकाळची हुतात्मा एक्स्प्रेस आहे, मुंबईला रात्रीची सिद्धेश्वर आहे. माझ्या अर्ध्या स्क्रिप्ट सिद्धेश्वरच्या वरच्या बर्थवर लिहिल्यात.

माहितीपट पूर्ण झाल्यावर कुठं दाखवायचा हा प्रश्न तू विचारला नाहीस, पण तो येणारच. पूर्वी थिएटरात सिनेमाआधी सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट लागायचा, आमच्या पिढीनं पूर आणि धरणं तिथंच पाहिली. ती संस्था २०२२ मध्ये एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, विलीन झाली. मुंबईचा माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा महोत्सव १९९० पासून दर दोन वर्षांनी भरतो, २०२४ पासून त्याला जोडून माहितीपटांचा बाजारही भरायला लागलाय, तिथं अर्धवट प्रकल्प घेऊन जाता येतं. केरळचा तिरुवनंतपुरमचा महोत्सव माझ्या आवडीचा, प्रेक्षक जागचे उठत नाहीत. महोत्सवात दाखवायला सेन्सॉरमधून सूट मिळते. तिकीट लावून किंवा सभागृहात जाहीर दाखवायचं तर प्रमाणपत्र लागतं. पहिला खेळ मात्र गल्लीतच कर. पांढरी चादर, भाड्याचा प्रोजेक्टर. चादरीची टंचाई आपल्याकडे नाही.

तांत्रिक दोन-तीन गोष्टी घाईनं. ट्यूबलाईटखाली शूट करताना चित्र लुकलुकतं ना, तर शटर एक-पन्नासांश किंवा एक-शतांश ठेव. आपली वीज पन्नास हर्ट्झची आहे, त्याच्याशी ते जुळतं. मागाच्या शेडमध्ये मुलाखत घेऊ नकोस. माग वेगळा रेकॉर्ड कर, माणसाला घरी बसवून बोलतं कर. जिथं जिथं शूट करशील तिथं निघण्याआधी अर्धा मिनिट सगळ्यांना गप्प बसवून नुसता त्या जागेचा आवाज घे, एडिटमध्ये सांधे बुजवायला तोच लागतो. आणि पडवीत रेडिओ किंवा मोबाईलवर सिनेमाचं गाणं चालू असेल तर हात जोडून बंद करायला लाव. गड्ड्यात पाळण्याशेजारी घेतलेली माझी सगळ्यात सुंदर मुलाखत फुकट गेली ती मागं कर्ण्यावर वाजणाऱ्या गाण्यामुळं. त्या गाण्याच्या हक्काचे पैसे फिल्मच्या बजेटपेक्षा जास्त होते.

कॅमेरा घेऊ नकोस. फोन आहे तो पुरे, लग्नाच्या सीझनमध्ये मालकाचा कॅमेरा मोकळा असतो त्या दिवशी तो माग. बरा कॉलर माईक घे आणि हार्डडिस्क दोन घे. दोन्हींवर सगळं फुटेज ठेव, एक घरी आणि दुसरी आत्याकडे. माझ्याही दोन होत्या. त्या मी एकाच पिशवीत घालून रिक्षात विसरलो होतो.